कॅमेरा कोणाच्या हातात

८ फेब्रुवारी २०१०. अलीगड मुस्लिम विद्यापीठाने एका प्राध्यापकाला राहायला दिलेल्या घरात रात्री दोन माणसे कॅमेरा घेऊन घुसली. घर मराठीच्या प्राध्यापकाचे होते. डॉ. श्रीनिवास रामचंद्र सिरस, साठी ओलांडलेले, आधुनिक भारतीय भाषा विभागाचे प्रमुख, निवृत्तीला थोडे महिने उरलेले. त्यांच्यासोबत एक रिक्षा ओढणारा तरुण होता. घुसलेल्या माणसांनी त्या दोघांना कपडे सावरायचीही सवड न देता त्यांचे चित्रण केले. लगोलग विद्यापीठाची कारवाई झाली आणि ती झाली सिरसांवर. गैरवर्तनाचा ठपका ठेवून त्यांना निलंबित करण्यात आले, घर सोडायला सांगण्यात आले.

सिरस आपल्या विदर्भाचे, नागपूरचे. यवतमाळ जिल्ह्यातल्या महागावहून तुळजापूर–नागपूर महामार्गाने आर्णी, यवतमाळ, वर्धा करत गेले की लागते तेच नागपूर. तिथल्या विद्यापीठातून त्यांनी मराठीत डॉक्टरेट घेतली, मानसशास्त्रही शिकले, आणि १९८८ साली अलीगडला मराठी शिकवायला गेले. तिथे बावीस वर्षे राहिले. ते कवी होते. ‘पायाखालची हिरवळ’ या त्यांच्या संग्रहाला २००२ साली महाराष्ट्र साहित्य परिषदेचा पुरस्कार मिळाला होता. परक्या मुलखात, परक्या भाषेच्या विद्यार्थ्यांना आयुष्यभर मराठी शिकवणाऱ्या या माणसाची ओळख त्या रात्रीनंतर देशाला झाली ती एका चित्रफितीमुळे.

मला या लेखात त्या चित्रफितीचा इतिहास सांगायचा आहे. तो २०१० साली सुरू होत नाही. पुरुषांच्या पुरुषांवरील प्रेमाचे आणि वासनेचे चित्रण कोणी करायचे, कोणी पाहायचे आणि त्यात हुकूम कोणाचा चालायचा, हा झगडा शंभर वर्षांचा तरी आहे. गे कामुक चित्रपटांबद्दल अभ्यासक नेहमी एक गोष्ट नोंदवतात. या चित्रपटांत अधिकाराची माणसे फार असतात. पोलीस, सैनिक, तुरुंगाचा पहारेकरी, खेळाचा प्रशिक्षक, कारखान्यातला मुकादम. एक हुकूम देणारा, एक ऐकणारा. बाहेरून पाहणाऱ्याला प्रश्न पडतो की ज्यांनी आयुष्यभर पोलिसांचा मार खाल्ला, त्यांच्या स्वप्नात पोलीस कशाला?

याचे सर्वांत धीट उत्तर एका फ्रेंच लेखकाने दिले. झाँ जने चोरीमारीपायी अनेकदा तुरुंगात गेलेला माणूस. १९५० साली त्याने सव्वीस मिनिटांचा एक मूकपट केला. तुरुंगातल्या दोन शेजारच्या कोठड्या. मध्ये भिंत, भिंतीला बारीक भोक. एक कैदी त्या भोकातून गवताची काडी सरकवतो आणि सिगारेटचा धूर पलीकडच्या कैद्याच्या तोंडात सोडतो. भिंतीआडून चाललेले हे प्रेम पहारेकरी दाराच्या झरोक्यातून बघत फिरतो. त्यालाही तेच हवे आहे, पण त्याच्या कमरेला पिस्तूल आहे, म्हणून तो ते मागत नाही, मारतो. शेवटी तो पिस्तूल कैद्याच्या तोंडात कोंबतो. अनेक देशांत बंदी भोगलेल्या या मूकपटाने जे दाखवले ते त्यानंतरच्या हजारो चित्रफितींना दाखवता आले नाही: झरोक्यातून बघणारा हा निव्वळ प्रेक्षक नसतो. बघणे हीच त्याची सत्ता असते.

जनेच्या वाटेने फार थोडे गेले. बाजार गेला तो दुसऱ्या वाटेने. फिनलंडचा तौको लाक्सोनेन दुसऱ्या महायुद्धात सैन्यात अधिकारी होता. युद्धानंतर तो गणवेशातले, चामडी जाकिटातले, रुंद छातीचे, हसरे पुरुष रेखाटत बसे. १९५७ साली लॉस एंजेलिसच्या बॉब माइझरने आपल्या नियतकालिकात ती चित्रे छापली आणि चित्रकाराला ‘टॉम ऑफ फिनलंड’ हे नाव पडले. फिनलंडमध्ये समलिंगी संबंध १९७१पर्यंत गुन्हा होता. म्हणजे हा माणूस घरी बसून ज्या पोलिसाला हसरा काढत होता, तोच पोलीस त्याला पकडू शकत होता. २०१४ साली त्याच देशाने त्याच्या चित्रांची टपाल तिकिटे काढली.

माझ्या मते त्या हसण्यातच सारे आहे. भीती वाटणाऱ्या माणसाला चित्रात आणून त्याला आपल्यावर प्रेम करायला लावणे, हा दुबळ्याने सत्तेवर मिळवलेला छोटासा ताबा होता. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली पुरुषदेहाची छायाचित्रे छापणारी मासिके टपालाने पाठवायला मोकळीक दिली. १९७१च्या डिसेंबरात न्यूयॉर्कच्या एका चित्रपटगृहात वेकफिल्ड पूलचा ‘बॉइज इन द सँड’ उघडपणे लागला. त्याच साली सॅन फ्रान्सिस्कोत चक होम्सने ‘फाल्कन’ ही कंपनी काढली आणि गणवेश, मुकादम, प्रशिक्षक हे सारे ठरलेले साचे होऊन बसले. पडद्यावर हुकूम देणारा आणि ऐकणारा, दोघेही चित्रण संपल्यावर कपडे बदलून घरी जात. खरा हुकूम पडद्यावर नव्हताच. तो निर्मात्याच्या करारात होता, पैशात होता, कोणता प्रसंग ठेवायचा आणि कोणता कापायचा या निर्णयात होता. तरी दोघांनी होकार दिलेला होता, ही गोष्ट उरतेच. सोंग आणि जुलूम यांच्यामध्ये तेवढीच एक रेघ आहे.

आपल्याकडे सोंग यायच्या आधी जुलूम आला.

१८६०च्या भारतीय दंड संहितेतले कलम ३७७ सर्वांना माहीत आहे. त्याच्या शेजारी कलम २९२ होते, अश्लीलतेचे. पहिल्याने कृती गुन्हा ठरवली, दुसऱ्याने तिच्याबद्दल बोलणे. दोन्हींच्या कात्रीत सापडलेला आपला पहिला माणूस म्हणजे रघुनाथ धोंडो कर्वे. महर्षी कर्व्यांचा मुलगा, विल्सन कॉलेजातला गणिताचा प्राध्यापक. संततिनियमनाच्या प्रचारापायी नोकरी गेली, तरी जुलै १९२७पासून ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक त्यांनी मरेपर्यंत चालवले. १९३१ साली व्यभिचारावरील लेखासाठी त्यांना शंभर रुपये दंड झाला. १९३४ साली पुन्हा खटला. या वेळी निमित्त होते वाचकांच्या खासगी प्रश्नांना दिलेली उत्तरे. त्यात हस्तमैथुनाचा प्रश्न होता आणि समलिंगी संबंधांचाही.

कर्व्यांच्या बाजूने उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. पुणे करार होऊन दोन वर्षेही झाली नव्हती, देशाचे राजकारण डोक्यावर होते, आणि हा माणूस मुंबईच्या कोर्टात एका खपाने छोट्या मासिकासाठी वकिली करत होता. फेब्रुवारी ते एप्रिल खटला चालला. लैंगिक विषयावर लिहिले म्हणजे अश्लील लिहिले असे होत नाही, हा त्यांचा पहिला मुद्दा. समलिंगी ओढीबद्दल त्यांनी इंग्रज लैंगिकशास्त्रज्ञ हॅवलॉक एलिसच्या संशोधनाचा आधार घेतला आणि ज्यांना अशी ओढ आहे त्यांनी आपल्या परीने सुख मिळवण्यात काही गैर नाही, असे सांगितले. १९३४ साली! इंग्लंडातही तेव्हा असे बोलणारा वकील शोधावा लागला असता. कोर्टाने ऐकले नाही. दोनशे रुपये दंड झाला. महागाव तेव्हा वऱ्हाडात, मध्य प्रांताच्या कारभाराखाली. मुंबईचा हा निकाल तिथवर पोचला असेल तर चार ओळींच्या बातमीतून. पण आंबेडकरांचा फोटो आज विदर्भातल्या घराघरात आहे, आणि त्या घरांतल्या एखाद्या मुलाला आपण वेगळे आहोत असे वाटत असेल, तर त्याला हे कोणीतरी सांगायला हवे की बाबासाहेब त्याच्या बाजूने कोर्टात उभे राहिले होते. पुढे अजित दळवींनी कर्व्यांच्या खटल्यांवर नाटक लिहिले, अतुल पेठ्यांनी ते बसवले, तेव्हा पुष्कळांना ते पहिल्यांदा कळले.

स्वातंत्र्यानंतर फारसे बदलले नाही. १९६४ साली मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्याला लॉरेन्सची कादंबरी विकल्याबद्दल झालेली शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने कायम केली, तीही अश्लीलतेच्या १८६८ सालच्या इंग्रजी कसोटीवर. १९८१ साली तेंडुलकरांचे ‘मित्राची गोष्ट’ रंगभूमीवर आले. रोहिणी हट्टंगडींची सुमित्रा ही मराठी रंगमंचावरची बाईवर प्रेम करणारी पहिली ठसठशीत नायिका. नाटक तिच्या आत्महत्येने संपते. त्याच दशकात व्हिडिओ आला, आणि परदेशी कॅसेटी हातोहात फिरू लागल्या. तालुक्याच्या गावांतही ‘ब्ल्यू फिल्म’ हा शब्द सर्वांना ठाऊक झाला. त्या कॅसेटींत पुरुषांचे पुरुषांशी चित्रण असलेली एखादी सापडली तर ती पाहणारा दुप्पट गुन्हेगार होता, आणि तो ते जाणून होता.

आपल्या माणसांनी आपला कॅमेरा हातात घेतला तो १९९६ साली. रियाद विंची वाडिया हा वाडिया मूव्हीटोनच्या घराण्यातला. ‘हंटरवाली’ नादियाचे चित्रपट काढणाऱ्या जेबीएच वाडियांचा नातू. त्याने जंगू सेठनाच्या सोबतीने ‘बॉमगे’ हा दहा-बारा मिनिटांचा लघुपट केला, पुणे विद्यापीठात इंग्रजी शिकवणाऱ्या आर. राज राव यांच्या कवितांवर. राहुल बोस त्यात होते. ग्रंथालयात, पुस्तकांच्या कपाटांमध्ये दोन पुरुष एकमेकांना भिडतात, हा त्यातला गाजलेला प्रसंग. सेन्सॉरकडे वाडियाने तो पाठवलाच नाही. काय उत्तर येईल ते ठरलेले होते. हा पॉर्न नव्हे. पण भारतात पुरुषांच्या देहसंबंधाचे पहिले उघड, स्वतःच्या हाताने केलेले चित्रण म्हणून तो इथल्या इतिहासात त्या जागी बसतो. जागाही पाहा: ग्रंथालय. शांत राहा, नियम पाळा असे सांगणारी वास्तू. पश्चिमेतल्या निर्मात्यांना जे पोलिसाच्या गणवेशातून सांगायचे होते ते मुंबईच्या या मुलाने कपाटांच्या रांगांतून सांगितले. वाडिया २००३ साली वारला, वय अवघे छत्तीस.

त्याच साली राज रावांची ‘द बॉयफ्रेंड’ ही कादंबरी आली. चांगल्या घरचा, इंग्रजीत लिहिणारा मुंबईचा पत्रकार आणि मिलिंद हा दलित तरुण, दोघांची भेट चर्चगेट स्थानकावर होते. प्रेम खरे आहे, पण घराची किल्ली एकाच्या खिशात आहे. गे चळवळीने स्वतःकडे इतक्या कठोरपणे क्वचित पाहिले असेल. बाहेरच्या पोलिसाला शिव्या देणे सोपे. आपल्या दोघांत हुकूम कोणाचा चालतो हे विचारणे अवघड. आणि २००३ सालीच श्रीधर रंगायन यांच्या ‘गुलाबी आईना’ला सेन्सॉरने प्रमाणपत्र नाकारले. चाळीस मिनिटांचा तो चित्रपट जगभरच्या महोत्सवांत फिरला, घरच्या चित्रपटगृहात त्याला जागा मिळाली नाही. त्याआधी डिसेंबर १९९८मध्ये दोन स्त्रियांच्या प्रेमावरचा ‘फायर’ दाखवणाऱ्या गोरेगावच्या चित्रपटगृहात शिवसैनिकांनी मोडतोड केली, तेव्हा सेन्सॉरने तो एकदा संमत केलेला होता. पुन्हा तपासणी झाली आणि पुन्हा तो संमत झाला.

हे सारे मागे असताना अलीगडच्या घराचे दार उघडले गेले. ज्या रात्री ते घडले तेव्हा सिरसांची कृती गुन्हा उरलेली नव्हती. २ जुलै २००९ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने नाझ फाउंडेशनच्या खटल्यात प्रौढांमधल्या खासगी, संमतीच्या संबंधांना कलम ३७७मधून वगळले होते. इतकेच नाही, कोणाच्याही संमतीशिवाय त्याच्या गुप्तांगाचे चित्रण करणे हा २७ ऑक्टोबर २००९पासून माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ ईनुसार गुन्हा झाला होता. म्हणजे त्या खोलीत कायद्याने गुन्हेगार असलीच तर कॅमेरावाली माणसे होती. विद्यापीठाने मात्र कायदा पाहिला नाही, चित्रफीत पाहिली. जनेच्या पहारेकऱ्यासारखीच ती नजर: बघायचे, आणि बघितले म्हणून शिक्षा करायची.

सिरस कोर्टात गेले. नाझ खटला लढलेले आनंद ग्रोव्हर त्यांचे वकील. अलाहाबाद उच्च न्यायालयाने १ एप्रिल २०१० रोजी निलंबनाला स्थगिती दिली, घर आणि नोकरी परत मिळण्याचा रस्ता मोकळा झाला. ७ एप्रिलला भाड्याच्या खोलीत सिरस मृतावस्थेत सापडले. विषाचा अंश आढळला. गुन्हा नोंदवला गेला, काही जणांची नावे आली, पुढे पुराव्याअभावी प्रकरण मिटले. मराठीतल्या एका पुरस्कारप्राप्त कवीच्या अशा मृत्यूनंतर मराठी साहित्यविश्वात मोठा आवाज उठायला हवा होता. तो उठला नाही, याचे मला आजही वाईट वाटते.

हंसल मेहतांनी ‘अलीगढ’ केला, अपूर्व असरानींनी लिहिला. मनोज वाजपेयींचे सिरस अंधाऱ्या खोलीत दारूचा पेला घेऊन लताबाईंची जुनी गाणी ऐकतात, कोर्टात बसल्या बसल्या पेंगतात. चित्रपटाने फार मोठी गोष्ट केली: ज्या रात्रीचे चित्रण शस्त्र म्हणून झाले होते, तीच रात्र पुन्हा चित्रित केली, आणि या खेपेला कॅमेरा सिरसांच्या लाजेच्या बाजूने उभा राहिला. सेन्सॉरने जानेवारी २०१६मध्ये त्याच्या ट्रेलरलाही ‘फक्त प्रौढांसाठी’चे प्रमाणपत्र दिले. खुद्द अलीगड शहरात विरोधामुळे चित्रपट चालू शकला नाही.

एक माणूस या साऱ्या कथेत मागे राहतो. रिक्षा ओढणारा तो तरुण. याचिका प्राध्यापकांच्या नावाने होती, लेख त्यांच्यावर आले, चित्रपट त्यांच्यावर निघाला, हा लेखही त्यांच्यावरच आहे. त्याच्या घरात काय झाले, दुसऱ्या दिवशी त्याला सवारी मिळाली का, हे कोणी विचारले नाही. प्राध्यापक आणि रिक्षावाला यांच्यातले नाते बरोबरीचे होते की पैशाचे, की दोन्हींचे, हे ठरवायचा हक्क मला नाही. पण कॅमेरा घुसला तेव्हा दोघे सारखेच उघडे पडले, आणि न्याय मागायची सोय एकालाच होती.

त्यानंतर कायदा बराच सरकला. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. ६ सप्टेंबर २०१८ रोजी पाच न्यायमूर्तींनी, दिल्लीचा निकाल फिरवणारा याच न्यायालयाचा २०१३चा निकाल मोडून, संमतीच्या संबंधांना कलम ३७७च्या कचाट्यातून सोडवले. जानेवारी २०२५मध्ये रोहन परशुराम कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ला सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. वडिलांच्या दहाव्यापर्यंत गावी थांबलेला शहरातला आनंद आणि गावातला शेतकरी बाळ्या. त्यात कोणाच्या अंगावर गणवेश नाही, कोणी कोणाला हुकूम देत नाही. दोघे शेजारी बसतात, आणि कॅमेरा त्यांना बसू देतो. मराठी चित्रपटाने या विषयात जगाला दिलेली ही सर्वांत मोलाची गोष्ट आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

पण महागावसारख्या तालुक्यात आज चित्रपटगृहापेक्षा मोबाइल महत्त्वाचा. २०१६नंतर डेटा स्वस्त झाला. २०१८ साली सरकारने ८२७ पॉर्न संकेतस्थळे बंद करण्याचा आदेश काढला, तरी पाहायचे ते लोक पाहतातच. धोका त्या पाहण्यात कमी आहे. धोका आहे तो ओळख करून देणाऱ्या ॲपवरून भेटायला बोलावणाऱ्या टोळ्यांचा. मुलगा सांगितलेल्या जागी जातो, तिथे तीन-चार जण मोबाइल घेऊन उभे असतात, कधी त्यातला एक पोलीस असल्याची बतावणी करतो, आणि चित्रफीत घरच्यांना पाठवू म्हणून पैसे उकळले जातात. अलीगडची रात्रच ही, फक्त कॅमेरा लहान झाला. कायद्यातही भोके आहेत. चोरून चित्रण करण्याविरुद्धचे भारतीय न्याय संहितेचे कलम ७७ फक्त स्त्रीला संरक्षण देते. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या या संहितेत कलम ३७७ समूळ गेले, म्हणजे प्रौढ पुरुषावर झालेल्या बलात्काराला शिक्षा देणारे एकमेव कलमही गेले. ही उणीव संसदेने तातडीने भरून काढायला हवी.

तोवर आहे त्या कायद्याचा आधार घ्यावा. कोणी तुमचे किंवा तुमच्या ओळखीच्या मुलाचे असे चित्रण करून धमकावत असेल, तर संमतीशिवाय केलेले ते चित्रण कलम ६६ ई खाली गुन्हा आहे. स्त्री-पुरुष असा भेद त्या कलमात नाही, आणि शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पैसे मागणे ही न्याय संहितेच्या कलम ३०८ खाली खंडणी आहे. त्या मुलाने ज्याच्यावर प्रेम केले तो पुरुष होता, हा मात्र या देशात आता गुन्हा नाही. पैसे देऊ नका, संदेश पुसू नका, तक्रार करा, आणि ठाण्यात त्याला एकटे पाठवू नका, सोबत जा.